जळालेला ठोकळा

घाटाच्या अगदी माथ्यावर करंजखिंड नावाचं एक गाव होतं आणि त्या गावात सुभाना नावाचा एक गाडीवान राहत होता. गाव तसं लहान. जमीन खडकाळ, पीक बेताचं. पण देशावरचं धान्य, गूळ, मिरची जे काही खाली कोकणात जायचं ते याच गावावरून जायचं आणि कोकणातलं मीठ वर यायचं तेही इथूनच. त्यामुळे बहुतेक घरांपुढे गाडी उभी असे आणि घरातला कर्ता पुरुष गाडीवान असे.

चढणीला बैलांची ताकद कामाला येते. उतरणीला मात्र भरलेली गाडी मागून रेटू लागली की बैल बिचारे पुढे पळण्यापलीकडे काय करणार? म्हणून करंजखिंडीच्या प्रत्येक गाडीला चाकांमागे जाड लाकडी ठोकळे बसवलेले असत. चाकावर लोखंडी पट्टी चढवलेली असते, तिला धाव म्हणतात. गाडीवानाने दांडा ओढला की ठोकळे त्या धावेवर दाबले जात, चाकं करकरत आणि गाडी आवरली जाई.

पण उतारावरच्या गाडीचा जोर असा हवेत विरून जात नाही. ठोकळा आणि चाक एकमेकांवर घासतात तेव्हा तो जोर उष्णता होऊन त्या दोघांत शिरतो आणि साठत जातो. लाकूड आधी तापतं, मग धुमसतं, मग त्याच्या तोंडावर काळी गुळगुळीत साय धरते. एकदा ती साय धरली की गाडीवानाने दांड्याला लोंबकळून जोर लावला तरी चाक ठोकळ्याखालून निसटत राहतं. म्हणून जुन्या लोकांनी एक रीत घालून दिली होती. घाटाच्या मध्यावर रस्ता जरा सपाट होतो, तिथे प्रत्येक गाडीने थांबायचं. बैल सोडायचे, चाकांना दगड लावायचे, चिलीम ओढायची. तापलेल्या धावेवर उघडा तळहात ठेवता आला की मगच पुढे निघायचं. त्या जागेला सगळे नुसतं सपाटी म्हणत आणि तिथे न थांबता कोणी गेल्याचं कोणाला आठवत नव्हतं.

सुभाना गावातला सगळ्यात तरबेज गाडीवान. त्याचे बैल देखणे, त्याची गाडी तेल पाजून चकचकीत ठेवलेली. घाटाखाली पौषात मोठी जत्रा भरे. धान्य घेऊन जी गाडी जत्रेत सगळ्यांच्या आधी पोहोचे, तिच्या गाडीवानाला घाटाचे देसाई स्वतःच्या हाताने फेटा बांधत. वर्षानुवर्षं तो फेटा सुभानाच्या डोक्यावर बसत होता. पण त्या वर्षी शेजारच्या वाडीतल्या एका तरुणाने नवे खोंड घेतले होते आणि या खेपेला फेटा आपलाच, असं तो पाणवठ्यावर उघड बोलत होता. सुभाना ते ऐकून हसला. घरी आल्यावर मात्र त्याला जेवण गेलं नाही.

जत्रेच्या दिवशी पहाटेच त्याने गाडी जुंपली. पोती गच्च भरली, नेहमीपेक्षा थोडी जास्तच. धाकटा भाऊ गेनबा सोबतीला होता. गेनबा शांत स्वभावाचा माणूस. थोरल्या भावापुढे त्याने कधी आवाज चढवला नव्हता. दोघे निघाले तेव्हा बाकीच्या गाड्या अजून भरल्या जात होत्या.

पहिला उतार झपाट्याने संपला. सुभाना सरळ रस्त्यावर गाडी मोकळी सोडी आणि वळण आलं की दांडा करकचून ओढी. सपाटी आली तेव्हा ऊन नुकतं झाडांच्या शेंड्यांवर पडलं होतं. ठोकळ्यांतून धुराची बारीक रेघ निघत होती.

गेनबा म्हणाला, "दादा, सपाटी आली. बैल सोडू या."

सुभानाने मागे वळून पाहिलं. वरच्या वळणावर घुंगरांचा आवाज होता की काय, त्याला नीट कळेना. "आज नको," तो म्हणाला. "खाली गेल्यावर धावा हव्या तेवढ्या गार करू."

"धूर येतोय, दादा."

"येऊ दे. नवा ठोकळा आहे. घट्ट धरतोय."

गाडी सपाटीवरून तशीच निघून गेली.

खालचा उतार वरच्यापेक्षा तीव्र होता. थोडं अंतर गेल्यावर ठोकळ्यांची करकर बारीक झाली. मग तिची शीळ झाली. मग तीही थांबली आणि सुभानाच्या लक्षात आलं की आपण दांडा पूर्ण ओढला आहे आणि गाडी तरीही वेग घेते आहे. हातात नुसता दांडा होता, त्याच्या टोकाला काहीच नसल्यासारखा. जळक्या लाकडाचा वास नाकात भरला. बैल माना वर करून पळत होते. पाठीमागून येणाऱ्या ओझ्याला ते भ्यायले होते.

गेनबाने धावत्या गाडीवरून उडी टाकली. रस्त्याकडेचा एक मोठा धोंडा दोन्ही हातांनी उचलून तो वळण तोडून पुढे पळाला आणि त्याने तो चाकाखाली लोटला. सपाटीवर उभ्या गाडीला तेवढा धोंडा पुरे झाला असता. पळत्या गाडीने तो चुरमुऱ्यासारखा उडवला आणि गाडी कलंडली ती गेनबाच्या अंगावर. पुढच्याच क्षणी सगळं मिळून दरडीवर आदळलं. धान्याची पोती फुटून रस्ताभर दाणे पसरले.

मागून आलेल्या गाडीवानांना सुभाना पोत्यांखाली जिवंत सापडला. त्याच्या उजव्या पायाचं हाड मोडलं होतं. एक बैल जागीच मेला होता, दुसरा मरायला टेकला होता. गेनबाचं तोंड त्यांनी धोतराने झाकलं.

"काय झालं रे, सुभाना?" कोणी तरी विचारलं.

"ठोकळा जळाला," सुभाना म्हणाला.

हे खरं होतं. ठोकळा जळालाच होता.

"कच्चं लाकूड घातलं असणार सुताराने," दुसरा म्हणाला. सुभानाने डोळे मिटून घेतले. तो नाही म्हणाला नाही.

काही दिवसांनी देसाई गावात आले आणि चावडीत बसले. सुभानाला खाटेवर घालून आणलं. समोर सटवाजी सुतार उभा होता. गावातला एकूण एक ठोकळा त्याच्याच हातचा. जवळच, पदर तोंडाला लावून, गेनबाची बायको सगुणा बसली होती. तिचा मुलगा दौलू तिच्या मागे उभा होता. त्याला मिसरूड फुटून फार दिवस झाले नव्हते, पण आता घरातला कर्ता तोच होता.

देसाईंनी एकच प्रश्न विचारला. "सुभाना, सपाटीवर गाडी थांबवली होतीस?"

सुभानाने सगुणेकडे पाहिलं. नाही म्हटलं तर भावाचा जीव आपण घेतला हे या बाईसमोर, तिच्या मुलासमोर, सगळ्या गावासमोर कबूल करावं लागणार होतं.

"होय, सरकार," तो म्हणाला. "थांबवली होती."

देसाईंनी जळका ठोकळा सुतारापुढे टाकला. सटवाजीने तो उचलला, त्याच्या काळ्या तोंडावरून अंगठा फिरवला आणि म्हणाला, "सरकार, गाडी थांबली असती तर हा असा जळला नसता."

"म्हणजे सुभाना खोटं बोलतो?" देसाईंचा आवाज चढला. "त्याचा सख्खा भाऊ मेला आहे."

सटवाजीने सुभानाकडे पाहिलं. सुभाना खाटेच्या सुतळीकडे बघत राहिला. मग सटवाजीने ठोकळा खाली ठेवला.

देसाईंनी त्याला गाव सोडायला सांगितलं. दुसऱ्या दिवशी तो बायकोला आणि हत्यारांच्या पेटीला घेऊन निघाला. सुभानाच्या दारावरून जाताना तो थांबला. आत खाटेवर पडलेल्या सुभानाला तो म्हणाला, "मी जातो. मला कुठेही चार खिडक्या-दारं करायला मिळतील. पण गाड्यांना सपाटीवर थांबायला सांगत जा."

सुभानाने भिंतीकडे तोंड केलं.

घाटाखालून नवा सुतार आणला गेला. गावाने त्याला एवढंच सांगितलं, की ठोकळा असा दे की तो जळणार नाही. त्यानेही मन लावून काम केलं. खैराचं टणक लाकूड आणलं, ठोकळे दुप्पट जाड केले, दांडे लांब केले. नवे ठोकळे पहिल्याच खेपेला सगळ्यांच्या पसंतीला उतरले. पहिल्या उतारानंतर हात लावून बघावा तर नुसते कोमट. धूर नाही, वास नाही.

मग हळूहळू एक गोष्ट घडू लागली. आधी रिकाम्या गाड्या सपाटीवर न थांबता जाऊ लागल्या. मग हलक्या भरलेल्या. शेवटी सगळ्याच. सपाटीवर चाकांना लावायचे दगड तसेच पडून राहिले आणि त्यांच्यात गवत उगवलं.

सुभानाचा पाय वाकडाच जुळला. आता गाडी हाकणं त्याला शक्य नव्हतं. दिवसभर ओट्यावर बसून तो बैलांसाठी कासरे वळत असे. घाटातून परतलेले गाडीवान समोरून जात तेव्हा तो त्यांचं बोलणं ऐके. आज किती लवकर पोहोचलो, याच गोष्टी असत.

एकदा त्याने एका गाडीवानाला हाक मारली. "सपाटीवर थांबत जा रे बाबा."

तो गाडीवान मनाचा चांगला होता. सुभानाजवळ येऊन समजुतीच्या सुरात म्हणाला, "कशाला, काका? तुम्ही थांबला होतात ना? थांबूनही तुमचा ठोकळा जळालाच की. थांबण्यात काही नसतं, लाकूड चांगलं पाहिजे."

तो गेला. सुभानाच्या हातातला कासरा अर्धवट वळलेला तसाच राहिला. आपण चावडीत उच्चारलेला एक शब्द सुताराला बाहेर काढून संपला नव्हता, हे त्याला त्या दिवशी समजलं. जुन्या लोकांनी घालून दिलेली रीत त्या शब्दाने मोडून टाकली होती. आणि ती पुन्हा उभी करायची तर एकच उपाय होता. तो त्याला माहीत होता. तो रोज मनाशी म्हणे, उद्या सांगतो. उद्या आला की सगुणा पाण्याची घागर घेऊन समोरून जाई, डोक्यावरचा पदर सावरून त्याला विचारी, "दादा, पाय दुखतो का?" आणि त्याचं तोंड उघडत नसे.

पुन्हा पौष आला. जत्रेच्या गाड्या भरल्या. या खेपेला दौलू बापाच्या जागी पहिल्यांदाच भरली गाडी घेऊन उतरणार होता. सकाळी वेशीजवळ सगळा गाव जमला. सगुणेने बैलांना ओवाळलं. सुभाना काठी टेकत टेकत तिथवर आला. रात्रभर त्याचा डोळा लागला नव्हता. आज सांगायचंच असं ठरवून तो आला होता.

"दौलू," त्याने हाक मारली.

दौलूने गाडीवरून उतरून त्याच्या पायांना हात लावला. "आशीर्वाद द्या, काका. तुमचा फेटा या वर्षी घरी आणतो."

"सपाटीवर थांब, पोरा."

आसपासचे गाडीवान हसले. दौलूही हसला, पण त्याने मान राखला. "काका, आता खैराचे ठोकळे आहेत. भिऊ नका. माझे आबा गेले तेव्हा तुम्ही थांबून काय उपयोग झाला?"

शब्द सुभानाच्या ओठांपर्यंत आले होते. मी थांबलो नव्हतो, एवढंच म्हणायचं होतं. त्याने मान वर केली. समोर सगुणा उभी होती, हातात ताम्हन, चेहऱ्यावर पोराचं कौतुक. तिच्या मागे सगळा गाव.

"सांभाळून जा," तो म्हणाला.

गाड्या निघाल्या. ओवाळण्यात आणि निरोपात वेळ गेल्याने दौलूची सगळ्यांत मागे होती.

सपाटीवर कोणी थांबलं नाही. नवे ठोकळे घट्ट धरत होते, धूर नव्हता, त्यामुळे कोणाला शंकाही आली नाही. पण उष्णतेला कुठे तरी जायचंच होतं. टणक लाकडाने ती आपल्यात घेतली नाही, तेव्हा ती लोखंडात साठत गेली. तापलेलं लोखंड फुगतं. तशी दौलूच्या गाडीची धाव फुगली आणि चाकावर सैल झाली. खालच्या तीव्र उतारावर दौलूने दांडा ओढला तेव्हा ठोकळ्यांनी धाव पकडून धरली, पण धावेच्या आतून लाकडी चाक गरगर फिरत राहिलं. मग ती धाव निखळून रस्त्यावर पडली. नुसतं लाकडी चाक दगडांवर आपटून फुटलं. गाडी पुढच्या गाडीवर गेली आणि त्या दोन्ही गाड्या कड्यावरून खाली गेल्या.

पुढच्या गाडीत तोच गाडीवान होता, ज्याने सुभानाची समजूत घातली होती.

दोन्ही प्रेतं वर आणायला गावाला संध्याकाळ झाली. फुटक्या गाडीबरोबर दौलूचे ठोकळेही दोरांनी वर ओढून आणले. ते धड होते. साधा चराही नव्हता त्यांना.

देसाई पुन्हा चावडीत बसले. नव्या सुताराला दोघांनी धरून आणलं. "सरकार, ठोकळा बघा," तो रडत म्हणत होता, "माझा ठोकळा बघा." कोणी ऐकत नव्हतं. गावाला कोणी तरी हवं होतं, आणि तो समोर होता.

तेव्हा सुभाना काठी टेकत गर्दीतून पुढे आला आणि चावडीच्या मध्यभागी जमिनीवर बसला.

"त्याला सोडा, सरकार," तो म्हणाला. "गेल्या वर्षी मी सपाटीवर थांबलो नव्हतो. सटवाजीचा ठोकळा चांगला होता. मी तो जाळला. थांबलो असं सांगितलं ते खोटं होतं. माझं ऐकून हे सगळे थांबायचे बंद झाले."

कोणी ओरडलं नाही. कोणी त्याच्या अंगावर धावूनही आलं नाही. जवळ उभे होते ते फक्त थोडे मागे सरकले, आणि सुभानाभोवती मोकळी जमीन राहिली.

देसाईंनाही आपला गेल्या वर्षीचा निवाडा आठवत असावा. "सुताराला सोडा," ते म्हणाले आणि उठून गेले. सुभानाला त्यांनी काहीच शिक्षा दिली नाही.

दुसऱ्या दिवसापासून गाड्या सपाटीवर थांबू लागल्या. सटवाजीला परत बोलवायला देसाईंनी माणूस पाठवला. सटवाजीने निरोप्याला जेवू घातलं, हात जोडले आणि एकट्यालाच परत पाठवलं.

दौलूचा तेरावा झाला. त्यानंतर एका सकाळी सुभाना सगुणेच्या दारात जाऊन उभा राहिला. ती अंगणात दाणे निवडत होती. तिने वर पाहिलं नाही. शेवटी तीच बोलली.

"दादा, ह्यांनी तुम्हाला थांबायला सांगितलं होतं का?"

"सांगितलं होतं," सुभाना म्हणाला.

तिने मान हलवली, जशी काही तिला ती खात्रीच होती. "ते गेले तेव्हा तुम्ही घाईत होता. चूक झाली. भावावर माया होती तुमची, ते मला ठाऊक आहे. चावडीत घाबरलात, तेही समजतं मला." तिचे हात सुपात थांबले. "पण माझा दौलू तुमच्या पाया पडला होता. तेव्हा तुम्हाला कसली घाई होती?"

सगुणेने सूप उचललं, ती घरात गेली आणि तिने आतून कडी घातली.

तात्पर्य: चूक कोणाच्याही हातून होते. पण जो ती दुसऱ्याच्या माथी मारतो, तो खरा धोका रस्त्यावर तसाच ठेवून जातो आणि पुढे तो धोका ज्याला गाठतो त्याचा काहीच दोष नसतो. म्हणून खरं कारण ज्याला ठाऊक आहे त्याने ते वेळेवर सांगावं; उशिरा सांगितलेल्या सत्याने मेलेली माणसं परत येत नाहीत.